अकरा सेकंद

मे २०२४ मधली रात्र होती आणि मी नळाची वाट पाहत बसलो होतो. सोलापुरात उन्हाळ्यात नळाची वाट पाहणे हा एक स्वतंत्र उद्योग आहे. पाणी तीन-चार दिवसांआड येते एवढे सगळ्यांना ठाऊक असते, पण ते रात्री साडेअकराला येणार की पहाटे चारला, हे कोणालाच सांगता येत नाही. त्यामुळे गल्लीतल्या प्रत्येक घरातला एक तरी माणूस तोटी उघडी ठेवून, खाली बादली लावून, पहिल्या फुसफुसण्याकडे कान देऊन जागा असतो. दिवसभर तापलेला स्लॅब मध्यरात्रीही खालच्या खोलीत धग सोडत होता, पंखा तीच धग फिरवत होता, आणि मी बनियनवर फरशीला पाठ टेकून मोबाइलवर पोकर खेळत होतो. सहा जणांचे टेबल, ब्लाइंड, म्हणजे पाने मिळण्याआधीच दोघांनी आळीपाळीने लावायची सक्तीची रक्कम, एक आणि दोन रुपयांची. माझे तिथले नाव ‘शेंगाचटणी’ होते, यावरून मी तो खेळ किती गांभीर्याने सुरू केला होता हे लक्षात यावे.

हातात इस्पिकची सत्ती आणि अठ्ठी होती. टेबलावर सगळ्यांच्या सामाईक पाच पानांपैकी पहिली तीन उघडली ती इस्पिकचा राजा, चौकटची दश्शी आणि इस्पिकची पंजी. म्हणजे आणखी एक इस्पिक आले की माझा फ्लश, एकाच रंगाच्या पाच पानांचा संच, पूर्ण होणार होता, आणि उरलेल्या दोन पानांत ते येण्याची शक्यता साधारण तीनांत एक. चौथे पान बदामची दुर्री आले. पाचवा किलवरचा गुलाम. माझ्या हातात काहीच उरले नाही. पण राजा, गुलाम, दश्शी अशी भारदस्त मंडळी टेबलावर बसलेली पाहून मला वाटले, आपल्याकडे सलग पाच पानांची माळ आहे असे सोंग सहज आणता येईल. मध्ये साठ रुपये जमले होते. मी विचार केला, मग आणखी विचार केला, आणि साठ रुपये पुढे सारले. समोरच्याने डोळ्याचे पाते लवते न लवते तोच पैसे भरले आणि आपली पाने उलगडली. चौकटचा एक्का आणि बदामची पंजी. पंजीची जोडी! असल्या जोडीवर राजा-गुलामाच्या टेबलासमोर साठ रुपये लावायला एक तर माणूस वेडा असावा लागतो, नाही तर त्याला काहीतरी ठाऊक असावे लागते.

त्याने खाली संदेशाच्या चौकटीत लिहिले, “चटणी भाऊ, पानं असली की लगेच पैसे लावताय. नसली की विचार करताय.”

तेवढ्यात नळ फुसफुसला आणि मी उठलो. टाकी भरेपर्यंत तास गेला, आणि त्या तासभर मला साठ रुपयांचे दुःख झाले नाही. मला राग आला होता तो कोणा अनोळखी माणसाने, जो मला दिसत नाही आणि ज्याला मी दिसत नाही, माझ्याविषयी एक खरे वाक्य लिहून ठेवले होते याचा.

मी अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात हिशेब पाहतो. हिशेबाच्या माणसाला आरोप झाला की तो आधी वही काढतो. पुढचे आठ दिवस मी प्रत्येक मोठ्या पैजेला किती सेकंद घेतले हे एका जुन्या रोजकीर्दीच्या मागच्या पानावर पेन्सिलीने टिपून ठेवले. चांगली पाने असताना तीन सेकंद, दोन सेकंद, चार सेकंद. पाने नसताना नऊ, बारा, दहा, अकरा. निर्णयासाठी पंधरा सेकंद मिळत, आणि खोटे बोलायचे असले की मी त्यातले अकरा सेकंद खर्च करून धैर्य गोळा करत असे. ज्या खेळात माझा चेहरा नाही, आवाज नाही, कपाळावरचा घाम नाही, त्या खेळातही मी माझी ओळख घड्याळावाटे सांडत होतो. आठ दिवसांनी ते पान मी बायकोला दाखवले, अर्थात पैशांचे आकडे झाकून. तिने ते वाचले आणि म्हणाली, “घरी उलटं आहे. खरं सांगताना तुम्ही अडखळता. खोटं तुमचं तयार असतं.”

हे वाक्य मी तेव्हा हसण्यावारी नेले. त्याच महिन्यात तिने मला, “यात किती गेले हो आजवर?” असे विचारले होते आणि मी ताबडतोब, “सात-आठ हजार गेले असतील,” असे सांगितले होते.

लहानपणी आजोबांबरोबर गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या जत्रेच्या, दिवसांत भरणाऱ्या जनावरांच्या बाजारात मी दोन-तीनदा गेलो आहे. जानेवारीची कोवळी थंडी, शेणाचा आणि कडब्याचा वास, शिंगांना लावलेल्या हिंगुळाचा लाल रंग, आणि या सगळ्यात दोन माणसे एकमेकांचे हात उपरण्याखाली धरून उभी. सौदा बोटांनी चाले. कोणते बोट दाबले म्हणजे किती शेकडा, हे त्या दोघांनाच कळे आणि भोवतालच्या गर्दीला फक्त हलणारे उपरणे दिसे. मला तेव्हा ती सगळी गंमत कापडाखाली चालली आहे असे वाटायचे. आता वाटते, खरे कसब कापडाच्या वर होते. आजोबांना एखादी खोंडाची जोडी मनापासून आवडली की ते तिच्याकडे पाहायचेच थांबत आणि शेजारच्या भाकड गाईची चौकशी सुरू करत. दलालाला अर्थात हे पाठ होते. आजोबांनी गाईचे दात पाहिले की तो खोंडांचा भाव वाढवायचा.

आमच्या घराण्यात फसवणुकीची कला आहे, पण ती प्रत्येक वेळी त्याच एका दाराने बाहेर पडते, असे म्हणायला हरकत नाही.

पोकरमध्ये हे दारच मुळी बंद करावे लागते, हे मला उशिरा आणि वाचून कळले. जॉन फॉन नॉयमन या गणितज्ञाने १९२८ साली खेळांच्या गणिताचा पाया घालणारा निबंध लिहिला, आणि १९४४ साली ऑस्कर मॉर्गेनस्टर्नबरोबरच्या ग्रंथात त्याने पोकरचे एक अगदी साधे, दोन माणसांचे रूप घेऊन ते शेवटापर्यंत सोडवले. त्यात ब्लफ, म्हणजे पाने नसताना असल्याचे सोंग आणून लावलेली पैज, हा धाडसाचा विषय राहत नाही, रोजमेळाचा होतो. मध्ये साठ रुपये आहेत आणि मी साठ लावले, तर समोरच्याला साठ भरून एकशेवीस मिळवायचे असतात. म्हणजे तीन वेळांत एकदा जरी मी खोटा निघालो तरी त्याचा खर्च निघतो. याचा अर्थ मी दोनदा खरा आणि एकदा खोटा, या प्रमाणात पैजा लावल्या तर त्याने पैसे भरले काय आणि पाने टाकून डाव सोडला काय, त्याला दोन्ही सारखेच. त्याला कोड्यात ठेवणे म्हणतात ते हेच, आणि त्यासाठी माझ्या चेहऱ्याची गरज लागत नाही. त्याहून मला चकित केले ते दुसऱ्या एका निष्कर्षाने: खोटे बोलायचे ते सगळ्यांत टाकाऊ पानांवर. मधल्या पानांनी गप्प राहायचे, कारण ती उघडली तर कदाचित जिंकतील. उघडून जिंकण्याची आशाच नसलेल्या पानांना मात्र गमावण्यासारखे काही नसते. मी आयुष्यभर उलटे करत आलो होतो. थोडा आधार असला की थोडे खोटे, असा माझा मध्यमवर्गीय शिरस्ता.

माझी सत्ती-अठ्ठी या हिशेबाने खोटे बोलायला लायक होती असे मला काही दिवस वाटत राहिले, आणि तेवढे समाधान मी मानून घेतले. पण बारकाईने पाहिल्यावर तेही गेले. फ्लशच्या आशेने आलेला आणि हिरमुसलेला असा जो खेळाडू माझ्या पैजेला भिऊन पाने टाकणार, त्याच्या हातात दोन इस्पिक असायला हवेत. आणि इस्पिकची दोन पाने तर मीच धरून बसलो होतो. म्हणजे पळून जाणाऱ्यांची संख्या मी स्वतःच्याच हाताने कमी केली होती. याउलट टेबलावर तीन इस्पिक उघडे असते आणि माझ्याकडे नुसता इस्पिकचा एक्का असता, तर सर्वांत मोठा फ्लश समोरच्याकडे असूच शकत नाही हे मला पक्के ठाऊक असते, आणि मग माझ्या खोट्याला जरा वजन आले असते. आपल्या हातातली पाने म्हणजे दुसऱ्याच्या हातात नसलेली पाने, हे इतके सरळ वाक्य समजायला मला एक उन्हाळा लागला.

प्रमाण कळले तरी ते पाळायचे कसे, हा प्रश्न उरतोच. तीनांतून एकदा खोटे बोलायचे. पण तीनांतून कोणत्या वेळी? मी म्हटले, मन सांगेल तेव्हा. मग एका दुपारी कारखान्यात वीज गेली असताना एक प्रयोग करून पाहिला. नाणे न उडवता, नुसते मनाने पन्नास वेळा छापा-काटा लिहून काढला, आणि नंतर खरे नाणे पन्नास वेळा उडवून त्याच्या शेजारी उतरवला. माझ्या मनाच्या रांगेत तीनपेक्षा जास्त वेळा सलग छापा कुठेच नव्हता. तीन झाले की मला लाज वाटून मी काटा लिहीत होतो. नाण्याला लाज नव्हती. त्याने एका ठिकाणी सलग सहा काटे टाकले होते. यात काही नवल नाही, माणसे असेच लिहितात हे मानसशास्त्राला जुने माहीत आहे. पण माझी स्वतःची रांग पाहताना मला चादरीचा माग आठवला. त्यावरच्या जेकार्डवर, म्हणजे नक्षी उमटवणाऱ्या यंत्रावर, भोके पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ फिरत असते; कुठे कोणता धागा उचलायचा हे ती भोके ठरवतात, आणि माळ संपली की पहिला पुठ्ठा पुन्हा वर येऊन तेच फूल पुन्हा उमटते. नवख्याला वाटते, केवढे वेगवेगळे नक्षीकाम! माळ लांब असते इतकेच. समोरच्या पंजीवाल्याने माझी माळ एकदा फिरताना पाहिली होती आणि दुसऱ्यांदा त्याला पाहायचीही गरज उरली नव्हती.

मागाची आठवण निघाली की मामा निघतोच. पूर्व भागात, अशोक चौकाच्या आतल्या अंगाला, यंत्रमागाच्या शेडला लागून त्याची दोन खोल्यांची जागा होती. वर्षभर तिथे मागांच्या खडखडाटात ओरडून बोलावे लागे. लक्ष्मीपूजनाच्या रात्री मात्र माग बंद असत आणि ती शांतता इतकी अनोळखी वाटे की मोठी माणसेही सुरुवातीला उगीचच ओरडून बोलत. खळीचा आंबूस वास, तेलाचा वास, खाली अंथरलेली डाग पडलेली चादर, मध्ये शेंगांची टरफले, आणि चाराणे-आठाण्यांची तीन पत्ती. मामा नेहमी ब्लाइंड खेळायचा. पाने न बघता खेळणाऱ्याला बघणाऱ्याच्या निम्मेच पैसे लावावे लागतात, म्हणून तो कंजूष आहे अशी सगळ्यांची समजूत होती. पाने आली की तो ती उताणी न करता तशीच ठेवायचा, वर तंबाखूची डबी ठेवायचा, आणि समोरच्याच्या तोंडाकडे मजेत पाहत बसायचा. शेजारचे पद्मशाली काका वैतागून तेलुगूत काहीतरी पुटपुटत, कारण त्या तोंडावर वाचण्यासारखे काही नसायचेच; ज्याला स्वतःलाच आपली पाने ठाऊक नाहीत त्याच्या भुवया काय सांगणार?

मी बारा वर्षांचा असेन. तो कधी पाने उचलतो यावर मी पाळत ठेवली, आणि दोन दिवाळ्या गेल्यावर मला ते सापडले. मामी चहा घेऊन किंवा नुसतेच काही विचारायला दारात आली की मामा डबी उचलून पाने बघायचा. डाव मोठा असो की लहान, मामी दारात आली की बघायचा आणि नाही आली तर शेवटपर्यंत आंधळाच खेळायचा. मी हे शोधून काढल्याच्या आनंदात त्याला एकट्याला गाठून सांगितले. तो जरा दचकला, मग म्हणाला, “मनाला विचारलं की ते तोंडावर येतंय बे. म्हणून मी तुझ्या मामीला विचारतो. तिला काय माहीत मी काय विचारायलोय ते!” ही थट्टा होती की त्याने खरेच इतका विचार केला होता, हे आता विचारता येणार नाही. मामा दिवाळीत फार जिंकायचा असेही काही नव्हते. पण आपला लहरीपणा आपल्याबाहेर, मामीच्या येण्याजाण्यावर टांगून ठेवायचा, हे त्या मागवाल्याला सुचले होते. आणि पोकरचे जाणते खेळाडू मनगटावरच्या घड्याळाचा सेकंदकाटा पाहून ब्लफ करायचा की नाही हे ठरवतात, असे मी वाचले तेव्हा मला पहिल्यांदा त्या डबीचा आवाज ऐकू आला.

यंत्राला हे करायला मामी लागत नाही. २०१७ च्या जानेवारीत अमेरिकेत पिट्सबर्गच्या एका कसिनोत लिब्राटस नावाच्या संगणक-प्रणालीने चार व्यावसायिक खेळाडूंविरुद्ध वीस दिवसांत एक लाख वीस हजार डाव खेळले आणि सतरा लाख डॉलरांहून अधिक किमतीच्या चिप्सनी, म्हणजे पैशांच्या जागी लावायच्या चकत्यांनी, त्यांना हरवले. कार्नेगी मेलन विद्यापीठातल्या नोम ब्राउन आणि टुओमास सँडहोम यांची ती निर्मिती. तीच पाने, तीच परिस्थिती, आणि तरी कधी ही चाल तर कधी ती, ठरवलेल्या प्रमाणात फासा टाकून. त्यामुळे तिच्या मनात काय आहे हे ओळखायला मुळात मनच नव्हते. माझ्या लक्षात राहिले ते वेगळेच. दिवसभरात खेळाडूंनी तिच्या खेळात जी भोके शोधून काढलेली असत, ती प्रणाली रात्री त्यांतली ठळक भोके हेरून त्यांना टाके घाली, आणि सकाळी ती माणसे तिथे बोट घालायला जात तेव्हा कापड सलग झालेले असे. चादरीच्या दुकानात रफूवाले हेच करतात, फक्त ते हे दिवसा आणि चष्मा लावून करतात.

मी माझ्या परीने रफू केले. प्रत्येक चालीला, पाने कशीही असोत, सात अंक मोजायचे आणि मगच बोट लावायचे. शेवटचे पान वाया गेले की समोरच्या भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहायचे. सेकंदकाटा बारा आणि चारच्या मध्ये असेल तर ब्लफ, नाहीतर पाने टाकून गप्प. पहिल्या रात्री मला फार शहाणे झाल्यासारखे वाटले. दुसऱ्या आठवड्यात वेगळेच काहीतरी जाणवू लागले. काटा पाचवर असायचा आणि मला आतून खोटे बोलण्याची इतकी उबळ यायची की बोट दाबून धरावे लागे. काटा दोनवर असायचा आणि पोटात गोळा यायचा, कारण आता खोटे बोलणे भाग होते आणि त्यात माझी काही हुशारी उरली नव्हती. ब्लफ पचला तरी आनंद होईना. मला तेव्हा कळले की मी साठ रुपये जिंकण्यासाठी खोटे बोलत नव्हतो, त्या अकरा सेकंदांसाठी बोलत होतो. ती छातीची धडधड हाच माझा खेळ होता, आणि काट्याने नेमकी तीच काढून घेतली होती.

शिवाय एक व्यावहारिक गोचीही होती. एक-दोन रुपयांच्या टेबलावर पंजीवाल्यासारखी माणसे क्वचित भेटतात. बाकीचे स्वतःच्या पानांपलीकडे पाहतच नाहीत. जोडी लागली की ते पैसे भरणार, मग तुम्ही घड्याळ पाहा नाहीतर पंचांग. जो बघतच नाही त्याच्यापुढे सोंग आणून उपयोग काय? अशांसमोर चांगली पाने येईपर्यंत थांबावे आणि आली की सरळ पैसे लावावेत, एवढीच युक्ती, आणि ती इतकी कंटाळवाणी आहे की माझ्यासारख्याने ती पाळली नाही. एक्क्यांची जोडी सरासरीने २२१ डावांत एकदा येते. ती आल्यावरही मी आजोबांसारखा भाकड गाईकडे पाहत दबून खेळायचो आणि चौघे जण फुकटात पुढची पाने बघून मला हरवून जायचे.

पुढचे सगळ्यांना माहीत आहे. २०२३ च्या ऑक्टोबरपासूनच खेळाच्या खात्यात भरलेल्या रकमेवर अठ्ठावीस टक्के जीएसटी बसला होता, त्यामुळे मुळातच गळक्या बादलीला आणखी एक भोक पडले होते. आणि २०२५ च्या ऑगस्टमध्ये पैशांच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा झाला. मला हायसे वाटले. कोणीतरी बाहेरून डबी उचलली असे वाटले. त्यानंतर मी काही दिवस फुकटच्या चिप्सवर खेळून पाहिले आणि तिथे एक मजेशीर गोष्ट आढळली. तिथे कोणीच पाने टाकत नाही. गमवायचे काहीच नसल्यामुळे कोणी घाबरत नाही, आणि कोणी घाबरत नसल्यामुळे कोणाला फसवता येत नाही. वीस लाखांच्या खोट्या चिप्स पुढे सारल्या तरी तीन जण हसत हसत तुमच्या मागे येतात. मी तेही बंद केले.

कायदा झाल्यावर शिल्लक काढून घेताना बँकेचे तीन वर्षांचे उतारे समोर आले होते आणि सवयीने मी बेरीज मारली होती. ती बेरीज मी रोजकीर्दीच्या त्याच मागच्या पानावर, सेकंदांच्या खाली, बारीक अक्षरांत लिहून ठेवली.

परवाच्या रविवारी गच्चीवर वाळलेल्या चादरींच्या घड्या घालत होतो. सोलापुरी चादर एकट्याने धड घडी करता येत नाही. दोघांनी दोन-दोन कोपरे धरून ताणावी लागते. समोर बायको, मध्ये चादर. तिच्या बाजूने निळ्यावर पांढरी फुले आणि माझ्या बाजूने पांढऱ्यावर निळी, नक्षी तीच. तिने कोपरे ताणले आणि सहज विचारल्यासारखे विचारले, “खरं सांगा, एकूण किती गेले होते?”

गच्चीवर घड्याळ नव्हते. खालच्या गल्लीतून कोणीतरी सायकल ढकलत चालले होते, त्याचे फ्रीव्हील टिकटिकत होते आणि ते वळणापर्यंत जाऊन ऐकू येईनासे झाले. मग मी म्हणालो, “त्रेचाळीस हजार सहाशे.”

ती चालत माझ्याजवळ आली, आपले कोपरे माझ्या कोपऱ्यांना जुळवले, माझ्या हातातली चादर काढून घेतली आणि म्हणाली, “मला वाटलं होतं पन्नास.”

हे तिने लगेच सांगितले. एक सेकंदही घेतला नाही.